आबांची पसंती

सुरतेत बमरोलीच्या चाळीत शिरून मगनने पेटी खाली ठेवली. प्रवासात भाता उघडू नये म्हणून त्याची कडी घट्ट लावलेली होती.

"आबा, माय कुठे गेली?"

"बठ, पानी पे," म्हणत आबांनी तांब्या पुढे केला.

"त्यांना काय विचारतोस, मला विचार," शेजारच्या शोभाबाई दारातून म्हणाल्या. "हळदीला गेलीय ती. येईल दिवेलागणीला."

तेवढा वेळ मगनकडे नव्हता. संध्याकाळची गाडी पकडून परतायचं होतं, आणि सकाळी निर्मात्याच्या हातात दोनांतली एक चाल ठेवायची होती. हा सिनेमा गेला, की मुंबईत त्याला कुत्रंही विचारणार नव्हतं.

त्याची रीतच तशी. चाल मुंबईत बांधायची, पसंती सुरतेतून आणायची. आबा खानदेशातून आले ते थेट मागाच्या कारखान्यात. उभा जन्म त्या खडखडाटात गेला. पण घरात पेटी निघाली की समोर मांडी घालून बसायचे, मगनच्या बोटांवरून नजर हलू द्यायचे नाहीत, आणि गुडघ्यावर ठेका धरायचे. माय त्यांना खेटून बसायची. शेवटी आबा म्हणायचे, "हाई बेस शे." नाहीतर नुसतंच, "नही." पहिल्या सिनेमाची चाल त्यांनीच निवडली आणि ती गाजली. तेव्हापासून पडद्यावर नाव यायचं, 'संगीत : मगन भिकन'. भिकन म्हणजे आबा.

मग कुठे माशी शिंकली कोण जाणे. एकाहत्तर साली एका बड्या निर्मात्याने तोंडावर सांगितलं, "मगनभाई, ही चाल नको. ती दुसरी द्या."

"दुसरीला आमच्या आबांनी नाही म्हटलंय."

"सिनेमा तुमचे आबा काढतायत की मी?"

मगन तडक उठून आला. तो सिनेमा दुसऱ्याने केला, आणि त्याची गाणी आता सुरतेतल्या पानाच्या टपरीटपरीवर वाजत होती. मगनचे पुढचे दोन सिनेमे आपटले. त्या दोन्हींच्या चाली आबांच्याच पसंतीच्या.

"जन्मभर मागावर राबलेल्या माणसाला गाण्यातलं काय कळतं?" बायको विजया एकदाच म्हणाली. मगन तिला नको नको ते बोलला. ती माहेरी गेली, ती अजून आलेली नव्हती.

"आबा, आज नीट सांगा. माझं सगळं तुमच्यावर आहे."

आबा समोर येऊन बसले. मगनने झाकण उघडलं. आधी कुठली? एक निर्मात्याला आवडलेली, एक त्याची स्वतःची, जीव ओतून बांधलेली. आज आबा हिला नाही म्हणाले तर? बोटं आपसूक स्वतःच्या चालीवर फिरू लागली. मुखडा झाला, अंतरा झाला, आणि डोक्यात विजयाचं ते एकच वाक्य घोळत राहिलं.

आबांचा हात गुडघ्यावर पडत होता. ठेका एकदाही चुकला नाही. मान डोलली, डोळे भरून आले.

"हाई बेस शे, मगन," ते म्हणाले. "सम्दास्मा बेस."

मगनला भडभडून आलं. त्याने डोळे पुसायला डावा हात उचलला. तो इतका वेळ मांडीवरच होता. भात्याची कडी अजून लावलेली होती, आणि पेटीतून एक सूरही निघालेला नव्हता.