शेवटची सायकल

"या शहरात पाहण्यासारखं इतकं आहे, की एक जन्म पुरायचा नाही!" सायकल सहलीच्या गाइडने पर्यटकांना ठणकावून सांगितलं. हे सत्य त्याला फक्त सायकलवर असतानाच पटायचं. घरी बायकोने "आपण कधी बाहेर पडायचं?" असं विचारलं, की म्हणायचा, "काय ठेवलंय बाहेर? नुसता धूर!" लग्नापासून तिच्या वाट्याला आली होती स्वयंपाकघराची खिडकी, आणि खिडकीबाहेर शेजारच्या इमारतीची भिंत.

सहल संपली. "कुणाला काही शंका?" त्याने सवयीने विचारलं. सर्वांत मागच्या बाईंनी हेल्मेट आणि मास्क काढला.



"शंका नाही हो," बायको म्हणाली, "दुपारच्या गाइडकडेही मी नाव दिलंय. घरी जाताना दूध तेवढं घेऊन जा."