रिक्तिका

"बाबा, आईचा व्यवसाय काय लिहू?"

मुलगी मृत्यूच्या नोंदीचा फॉर्म भरत होती. दुपारपर्यंत तो कचेरीत द्यायचा होता. सरांनी प्रुफातून मान वर काढली नाही.

"काही नको लिहू. घरी रिकामीच तर असायची."

रकाना तसाच सोडून मुलगी चहा टाकायला आत गेली.

सरांनाही घाई होती. निवृत्तीनंतर नऊ वर्षं खपून त्यांनी शाळेच्या मुलांसाठी जीवशास्त्राचा शब्दकोश केला होता आणि छापखान्याला शेवटची पानं आजच हवी होती. प्रुफं तपासायची पद्धत ठरलेली. बायकोनं हस्तलिखित मोठ्यानं वाचायचं, अगदी स्वल्पविराम-पूर्णविरामासकट, आणि सरांनी प्रुफावर नजर ठेवायची. मध्येच तिला शंका यायची. ती समासात पेन्सिलीनं बारीक काहीतरी लिहायची. सर ते न वाचताच खोडरबरानं पुसून टाकायचे. आल्यागेल्याला सांगायचे, "रिकामीच असते, तेवढाच तिला विरंगुळा." ती हसायची आणि पाहुण्यांना पाणी आणायला उठायची.

तिला जाऊन अकरा दिवस झाले होते. आता तोंडही सरांचंच आणि डोळेही सरांचेच. शेवटची पानं पुन्हा सुरुवातीपासून तपासताना एकेक ओळ तीन-तीनदा वाचूनही चुका निसटत होत्या. शर्टाचं बटण तुटलं होतं, सकाळची गोळी राहिली होती, खिडकीतल्या कुंडीतल्या रोपानं मान टाकली होती. त्याला रोज पाणी कोण घालतं, असं कुणी महिन्यापूर्वी विचारलं असतं तर सरांना सांगता आलं नसतं.

'र' आला. 'रिक्तिका : वनस्पतिपेशीतील रिकामी पिशवी.' कुठल्यातरी जुन्या पुस्तकावरून उतरवलेला अर्थ. हस्तलिखितात त्याच्या शेजारी पेन्सिलीची एक ओळ होती. सवयीनं हात खोडरबराकडे गेला आणि थांबला. इथवर वाचून ती उठली होती, ती पुन्हा वाचायला बसलीच नाही. हे तिचं शेवटचं अक्षर होतं.

"हिला रिक्तिका का म्हणतात हो?" तिनं त्या दिवशी विचारलं होतं.

"पूर्वी भिंगातून बघणाऱ्यांना आत काही दिसलं नाही. म्हणून रिकामी म्हणाले."

"मग खरंच काही नसतं?"

"असतं की. पाणी असतं, रस असतो. नितळ, म्हणून दिसत नाही. त्याच्याच जोरावर तर रोप ताठ उभं राहतं. चल, पुढचं वाच."

जन्मभर हा धडा शिकवलेल्या सरांनी चष्मा पुसला आणि ती ओळ वाचली.

'रिकामी नको, भरलेली लिहा. बघणाऱ्यांची चूक तिच्या नावावर कशाला?'

सरांनी प्रुफावर शाईनं 'रिकामी' खोडलं. वर 'भरलेली' लिहिलं. मग त्यांना अक्षरं दिसेनाशी झाली. अकरा दिवसांत पहिल्यांदा ते रडले.

मुलीनं चहा ठेवला आणि फॉर्म उचलला.

"निघते मी. व्यवसायाचा रकाना रिकामाच आहे. तसाच देऊ?"

"रिकामा नाही गं तो," सर म्हणाले. "मला दिसलं नाही."