तांडेलाची भाकरी

पडद्यावर बोट हेलकावली तशी हिरूबायने शेजारणीचा हात घट्ट धरला. डहाणूजवळच्या त्यांच्या कोळीवाड्यातल्या दर्यावर्दींवर केतकी नावाच्या तरुणीने माहितीपट काढला होता आणि आज ती तो गावालाच दाखवत होती. हिरूबायचा जन्म मासळी विकण्यात गेला, पण नवरा जातो तो खोल दर्या तिने कधी पाहिला नव्हता. तो परतेपर्यंत दर खेपेला तिच्या जिवाला घोर असायचा.

आणि इथे पडद्यावर तिचा नवरा, बोटीचा म्होरक्या पोशा तांडेल, बोटीवर उकिडवा बसून चक्क भाकऱ्या थापत होता!

“अगो बाय! घरी हा पाण्याचा तांब्यासुद्धा उचलत नाही!” हिरूबाय ओरडली. सगळा कोळीवाडा खो खो हसला. पोशा गर्दीतून हळूच सटकायला निघाला, पण त्याच्या खलाशांनी त्याला धरून बसवलं.

पडद्यावर केतकीने विचारलं, “तांडेलकाका, घरची आठवण येते?”

“कामात कसली आठवण?” तो म्हणाला. मग तव्यावरची चपटी भाकरी उलटत ओशाळून हसला. “पण हिरूची भाकरी कशी टम्म फुगते! माझी काही फुगत नाही. रोज करून बघतो.”

हशा विरला. लग्नानंतर चारचौघांत त्याने तिचं नाव असं कधी घेतलं नव्हतं. हिरूबाय पदराने नाक पुसत उठली आणि त्याच्या शेजारी जाऊन बसली.

“आधी पिठाची उकड काढायची असते, येड्या,” ती म्हणाली. “उद्या चुलीपाशी ये. शिकवते.”