लोकरीचा गुंडा

टीव्हीवरच्या त्या विनोदी जादूगाराची जादू कधीच जमायची नाही, आणि त्यावरच त्याची चूल पेटायची. बायको कपाटात शिरायची, तो मंत्र पुटपुटून दार उघडायचा, तर ही आत निवांत स्वेटर विणत बसलेली. "झालं का तुमचं?" म्हणायची. लोकांची हसून मुरकुंडी वळायची.

आज दार उघडलं, तर कपाट रिकामं. त्याला चोरदार नव्हतंच. कधी लागलंच नव्हतं.

"अहो, खरंच गेली हो ती," तो प्रेक्षकांना म्हणाला. लोक आणखीच हसले.

कपाटात फक्त तिचा लोकरीचा गुंडा होता. धागा मागच्या सलग फळीत शिरला होता. ओढावा तर तुटेल, सोडावा तर संपेल.

गुंडा टाक्याटाक्यानं लहान होत होता.