पाद्यपूजा

"आजी, पाय थोडे पुढे घ्या ना. परात फ्रेममध्ये येत नाहीये," चैताली म्हणाली. आमदारसाहेबांचे व्हिडिओ तीच काढायची. स्टँडवर मोबाईल लावून ती जमिनीवर फतकल मारून बसली होती.

इंदुबाईंनी पाय पुढे केले. पाणी गार होतं. दर निवडणुकीला श्याम आधी आईचे पाय धुवायचा आणि मगच अर्ज भरायला निघायचा. पहिल्या खेपेला घरातलीच चार माणसं होती, आणि इंदुबाईंना चक्क रडू आलं होतं. आता कोथरूडच्या या फ्लॅटमध्ये गळ्यात उपरणी घातलेले कार्यकर्ते दारापर्यंत दाटले होते आणि खाली ढोल-ताशेवाले खोळंबले होते. कोपऱ्यावरच्या फ्लेक्सवर तर लेकापेक्षा आईचाच फोटो मोठा होता. खाली लिहिलं होतं, 'जो आईला सांभाळतो, तोच मतदारसंघ सांभाळतो!'

श्यामराव तांब्या घेऊन पुढ्यात बसले, तशा इंदुबाई हळूच वाकल्या.

"मथुरेचा सकाळी फोन होता. तिच्या शेजारची खाट रिकामी झालीय. संध्याकाळपर्यंत सांगा म्हणालेत, नाहीतर दुसऱ्या कुणाला देतील."

"आई, आत्ता नको."

"मग कधी?"

"निकाल लागू दे."

"मागच्या वेळीसुद्धा निकालच लागायचा होता."

मथुराबाई म्हणजे त्यांची शाळेपासूनची मैत्रीण. ती दोन वर्षांपूर्वी लोणी काळभोरच्या वृद्धाश्रमात गेली आणि तिथे रमली. रोज दुपारी पत्त्यांचा डाव, संध्याकाळी बागेत भांडणं. फोनवर नुसती ऐकूनच इंदुबाईंची दुपार सरायची. इथे सून हेमा महिला आघाडीच्या बैठकांना जायची आणि लेक सदा दौऱ्यावर असायचा. घरी येणारा प्रत्येक जण त्यांच्या पाया पडायचा आणि आतल्या खोलीत साहेबांची वाट बघत बसायचा. पायांना सगळं गाव भेटत होतं, तोंडाला कुणीच नाही.

एकदा त्या स्वतःच पिशवी भरून खाली उतरल्या होत्या. रिक्षात पाय ठेवतात न ठेवतात तोच गेटवरच्या कार्यकर्त्यांनी बघितलं. "आई, तुम्ही आणि रिक्षानं?" म्हणून त्यांनी हात जोडले, साहेबांच्या गाडीत बसवलं आणि मोठ्या मानानं पुन्हा वर आणून सोडलं. त्या मानाचा इंदुबाईंना इतका संताप आला होता, की त्या दिवशी त्या जेवल्या नाहीत.

"अगं, विधानसभेत मी वृद्धाश्रमांविरुद्ध एवढा बोललोय," श्यामराव पाणी घालता घालता पुटपुटले. "तूच तिथे गेलीस, तर लोकांपुढे कोणत्या तोंडानं जाऊ?"

"आहे त्याच. दुसरं कुठंय तुझ्याकडे?"

श्यामरावांना हसू आवरेना. त्यांनी मान खाली घातली आणि अंगठ्याजवळची माती हलक्या हातानं पुसली. लेक वाईट नव्हता. वाईट असता, तर त्याच्याशी भांडणं सोपं गेलं असतं.

"रेकॉर्डिंग सुरू!" चैताली म्हणाली. खोली एकदम शांत झाली. "आजी, आज साहेबांना काय आशीर्वाद देणार?"

श्यामरावांनी पायांवर कपाळ टेकवलं. इंदुबाईंनी त्यांच्या डोक्यावर हात ठेवला. टक्कल पडायला लागलं होतं. पोराचं डोकं असं हाताखाली येऊन किती दिवस झाले होते! क्षणभर त्यांच्या तोंडी नेहमीचंच आलं, यशस्वी हो. मग त्यांना ती रिकामी खाट आठवली.

"या वेळी पड बाबा," त्या स्पष्ट म्हणाल्या. "तू पडलास की मी सुटले."

हेमानं ओवाळायला उचललेलं निरांजन परत तबकात ठेवलं. इंदुबाईंना वाटलं, बोलले, एकदाची बोलले. आता तरी कुणी विचारेल, आजी, कशातून सुटायचंय तुम्हाला?

श्यामरावांनी मान वर केली. डोळ्यांत पाणी होतं, खरं पाणी. पण ते मोबाईलकडे वळले आणि सभेत लागायचा तो आवाज त्यांना आपसूक लागला.

"ऐकलंत? आईला मी चोवीस तास घरी हवाय! माझ्या काळजीतून सुटायचंय तिला. पण आई, तुझ्यासारखीच माझी वाट बघणाऱ्या हजारो आया आहेत गं या मतदारसंघात. त्यांच्यासाठी मला जाऊ दे!"

टाळ्यांचा कडकडाट झाला. कुणीतरी घोषणा दिली. दारातला एक म्हातारा कार्यकर्ता उपरण्यानं डोळे पुसू लागला. खाली काय समजलं कुणास ठाऊक, ढोल सुरू झाले.

इंदुबाईंनी उठायला म्हणून परातीतून एक पाय बाहेर काढला.

"एक मिनिट, आजी! उठू नका." चैतालीनं स्टँडवरून काढून कानाला लावलेला मोबाईल खाली घेतला. "काय भन्नाट बोललात! पण नेमका तुमचाच आवाज नीट आला नाहीये. साहेब, परत एकदा घेऊ या?"

श्यामरावांनी आईकडे बघायचं टाळलं आणि तांब्या पुन्हा भरून घेतला. चैतालीनं इंदुबाईंचा पाय अलगद उचलून परातीत ठेवला.

"तेच म्हणा हं, आजी. अगदी तेच. फक्त या वेळी जरा हसून."