असलं बघायचं नसतं

वसुमतीबाईंच्या तंजावरातल्या घरात एक नियम आहे. सिनेमात एखाद्या बाईवर जबरदस्ती होण्याची चिन्हं दिसली, की त्या सुनेला कॉफी करायला उठवतात. "भुवना, कापी टाक गे. असलं बघायचं नसतं."

स्वयंपाकघर मागच्या अंगणापलीकडे आहे. टीव्हीतल्या किंकाळ्या तिथवर पोचू नयेत, म्हणून ती गेल्यावर वसुमतीबाई मधलं दार स्वतः ओढून घेतात.

आज रविवारी दुपारी तोच सिनेमा लागला आहे, ज्याच्यावर बंदी घाला म्हणून गावात मोर्चा निघाला होता.

पडद्यावर एक माणूस खोलीची कडी लावतो.

"भुवना, कापी."

पडद्यावरची बाई भिंतीकडे सरकते.

भुवना जागची हलत नाही. "आज मी इथंच बसते, अत्या. मला बघू द्या."

"लाज नाही का गे? नवऱ्यासमोर बसून असलं बघणार?"

नवरा, शिवराज, हसतो. "बसू दे, अम्मा. दोन मिनिटांत डोळे झाकून घेईल."

"नाही झाकणार," भुवना म्हणते. खुर्चीचे हात तिनं घट्ट धरले आहेत. "फक्त मला आत पाठवू नका."

पडद्यावरची बाई ओरडते. वसुमतीबाई रिमोट शोधू लागतात.



तेवढ्यात स्वयंपाकघरातून थोरल्या दिराची हाक येते. नेहमीसारखा तो आधीच उठून आत गेला आहे. "भुवना, दूध तापलंय. ये ना."