बंद केलेली गोळी

पोलादपूरच्या शाळेत शिकवणाऱ्या अनुपमाला स्वच्छ हातही पुन्हा पुन्हा धुतल्याशिवाय चैन पडत नसे. महाडच्या डॉक्टरांनी मंत्रचळेपणाचं निदान करून गोळ्या सुरू केल्या. पाच महिन्यांत तिला पुष्कळ बरं वाटू लागलं.

"बरी झालीस नं? मग बंद कर त्या गोळ्या. सवय लागंल," सासूबाई, राहीबाई, म्हणाल्या. तिनं ऐकलं.

चार दिवसांत गरगरायला लागलं, डोक्यात झिणझिण्या येऊ लागल्या. पंधरवड्यात ती पुन्हा नळाखाली हात धरून रडत उभी. घाबरलेल्या राहीबाईच तिला डॉक्टरांकडे घेऊन गेल्या.

"या गोळ्यांची नशेसारखी सवय लागत नाही. पण त्या एकदम थांबवायच्याही नसतात," डॉक्टरांनी दोघींना समजावलं. "वेळ आली की मीच हळूहळू कमी करीन."

बाहेर आल्यावर राहीबाई बाकावर बसल्या, त्या उठेचनात.

"चला ना आई, एसटी जाईल."

"थांब गो. शेतावर जाताना दाराची कडी बघायला मी सात-आठ येळा माघारी येते. लग्न झाल्यापासनं. कुणाला सांगितलं नाय." त्यांनी दवाखान्याच्या दाराकडे पाहिलं. "माझा पण केसपेपर काढ."